आर्टिचोकसाठी हिवाळा

६ ऑक्टोबर

नर्सरीवाला आज पुन्हा आला. या आठवड्यात तिसऱ्यांदा. "काका, जवळूनच चाललो होतो," म्हणे. त्याची नर्सरी गावाच्या त्या टोकाला, आमचं घर या टोकाला, आणि आमची गल्ली पुढे भिंतीपाशी संपते. इथून जवळून कोणी कुठे जात नाही.

सून घरीच होती. हॉटेलच्या किचनमधली तिची शिफ्ट दुपारी सुरू होते. दोघं त्या सहा कुंड्यांसमोर उकिडवी बसली होती. कुंड्यांत काय, तर आर्टिचोकची रोपं. चोक म्हटलं की मला ट्यूबलाइटचा आठवतो, पण हे झाड आहे. पानं राखाडी, करवतीसारखी कातरलेली. पुढे मोठ्ठी खवल्याखवल्यांची कळी येते म्हणे, आणि ती उमलायच्या आत कापून खायची. फूल नाही, फळ नाही — कळी. सुनेच्या हॉटेलात ते डब्यात बंद होऊन बाहेरदेशाहून येतं. ताजं मिळालं तर मोठा आचारी डोक्यावर घेऊन नाचेल, असं ती सांगते.

नाचू दे. पण त्यासाठी नर्सरीवाल्याने इतक्या चकरा मारायचं कारण काय?

मुलगा गेल्याला तीन वर्षं झाली. सुनेच्या आईने दोनदा निरोप पाठवला, परत ये म्हणून. ती गेली नाही. "मी इथेच बरी आहे," म्हणाली. त्या एका वाक्यावर हे घर उभं आहे. मी तोंडाने कधी बोललो नाही, पण मला ठाऊक आहे. ती गेली तर मागे उरणार मी आणि ही, समोरासमोर बसून एकमेकांना खोकल्याचं औषध पाजत.

८ ऑक्टोबर

आज त्याला चहाला थांबवलं. आणि कोणी, तर हिने. "अहो बसा ना, घोटभर घेऊन जा." सकाळी मी दुसरा कप मागितला तेव्हा दूध संपत आलं होतं.

चहा पिताना तो म्हणाला, आपल्याकडच्या उकाड्यात हे झाड नुसती पानं काढत बसतं. कळी धरत नाही. त्याला आधी थंडी खावी लागते, चांगली दहा अंशांच्या खालची, काही आठवडे. मग त्याला वाटतं, हिवाळा होऊन गेला, आता फुलायला हरकत नाही.

सून म्हणाली, "एवढी थंडी आणायची कुठून?"

नर्सरीवाला कपात बघतोय. सून छताकडे. ही माझ्याकडे.

"थंडी?" मी म्हटलं. "थंडी मी देतो. जन्मभर दुसरं काय केलं मी?"

निघून गेलं तोंडातून. फ्रीज दुरुस्तीचं दुकान आम्ही दोघांनी चालवलं, मी आणि मुलाने. तो गेला, मी शटर ओढलं, आणि हत्यारांची पिशवी पलंगाखाली ढकलली ती ढकलली. तेव्हापासून खुर्चीत बसून आहे. आता बोलून बसलोय. शब्द मागे घ्यायची सवय नाही मला.

९ ऑक्टोबर

पिशवी काढली. पक्कड गंजून बसलीय. लाज वाटली.

१३ ऑक्टोबर

कोपऱ्यावरच्या थंड पेयवाल्याने दुकान बंद केलं, त्याचा काचेच्या दाराचा बाटल्यांचा फ्रीज पडून होता. नर्सरीवाल्याच्या टेम्पोतून आणला. गॅस गेलेला, दाराचं रबर उंदरांनी कुरतडलेलं, आत झुरळांचा भरला संसार. रबर बदललं, गळती शोधली, डाग दिला, गॅस भरला. आत एक ट्यूब बसवली, कारण रोपांना उजेडही लागतो. अंधारात फक्त बाटल्या खूश राहतात. कॉम्प्रेसरने पहिला ठोका घेतला तेव्हा माझ्या अंगावर काटा आला. खरं सांगतो, डोळे भरून आले. खोकल्याचं निमित्त करून बाजूला झालो.

थर्मोस्टॅट सातवर लावला. सहाही कुंड्या आत. सगळे काचेला नाक लावून उभे.

नर्सरीवाला म्हणाला, "काका, कमाल आहे. अशी एखादी अख्खी खोली गार ठेवायची म्हटलं तर कॉम्प्रेसर केवढा लागेल हो?"

लोणी लावतोय. आधी सासऱ्याला खिशात घालायचं, मग पुढचं. इतका दूधखुळा मी नाही.

आणि आणखी एक. मला काका म्हणतो, हिला काकू म्हणतो, सुनेला काय म्हणतो? "मॅडम." वहिनी म्हणायला काय जातं? ताई म्हटलं तर जीभ झडेल का? ज्या माणसाला कुठलंच नातं जोडायचं नसतं, त्याने एक नातं मनात राखून ठेवलेलं असतं.

१८ ऑक्टोबर

सून आज सुट्टीवर. दुपारभर गच्चीवर फोन. कपडे वाळत घालायला म्हणून गेली, कपडे वाळून कडक झाले तरी खाली नाही. मी जिन्यात उभा राहिलो. गुडघा दुखत होता, म्हणून टेकलो होतो. हसण्याचा आवाज आला. तीन वर्षांत असं हसू ऐकलं नव्हतं.

आनंद व्हायला हवा होता. झाला नाही.

खाली येताना मला बघून म्हणाली, "बाबा, इथे काय करताय?" मी म्हटलं, जिन्याचा दिवा बघतोय. जिन्यात दिवा नाही.

२१ ऑक्टोबर

नर्सरीवाला चार दिवस आला नाही. बरं झालं. पण का नाही आला?

२४ ऑक्टोबर

आला. बरोबर शेणखताचं पोतं — "असंच, काकूंच्या गुलाबाला." हिचं तोंड फुललं. गुलाबाला कधी नव्हतं इतकं खत मिळालं.

तो गेल्यावर बसून नीट विचार केला. हा येतो कशासाठी? झाडांसाठी. झाडं कशासाठी? कळीसाठी. कळी येणार कशाने? थंडीने. थंडी कोण देतोय? हा शहाणा! मीच माझ्या हाताने त्याच्यासाठी जाजम अंथरतोय.

रात्री झोपण्यापूर्वी थर्मोस्टॅटचं बटण फिरवलं. सातावरून अठरावर. नसेल थंडी तर नसेल कळी, आणि पाणी घालायला आम्ही समर्थ आहोत.

२५ ऑक्टोबर

सकाळी आतला थर्मामीटर बघितला. सात.

२६ ऑक्टोबर

पुन्हा अठरावर ठेवून झोपलो. पुन्हा सात. थर्मोस्टॅट खराब निघाला वाटतं. डोकं फिरलं. मी बसवलेला थर्मोस्टॅट माझं ऐकत नाही? दुपारी खोलून तपासला. शंभर नंबरी आहे. ही म्हणाली, "चालतोय ना चांगला, मग कशाला उचकटताय?" तिला काय सांगू, की चांगला चालतोय म्हणूनच उचकटतोय.

२९ ऑक्टोबर

चोराच्या मनात चांदणं, तसं झालंय. सगळ्यांच्या चेहऱ्याकडे बघत हिंडतो. ही भाजी निवडताना गुणगुणत होती, तर तेही मला उद्देशून वाटलं.

३१ ऑक्टोबर

काल बटण अठरावर फिरवून वर इन्सुलेशन टेपचा तुकडा चिकटवला होता. आज टेप जागच्या जागी, आत सात. पण टेप लावताना मी एक कोपरा दुमडतो, पुढच्या वेळी काढायला सोपं जावं म्हणून. जन्माची सवय. हा कोपरा सपाट होता.

हिला विचारलं. "मी त्या खोक्याला हात लावत नाही, झटका बसतो," म्हणाली. हिचं खोटं मला ओळखू येतं. हे खोटं नव्हतं.

म्हणजे सून. हॉटेलातून आल्यावर, आम्ही झोपल्यावर. म्हणजे तिला माहीत आहे मी काय करतोय. आणि तिने अवाक्षर काढलं नाही! उलट आज माझ्यासाठी केकचा तुकडा आणला हॉटेलातून. तिच्याकडचा केक करणारा मागच्या वर्षी दुसऱ्या शहरात गेला, तेव्हापासून त्या केकात राम नाही, पण खाल्ला.

१ नोव्हेंबर

आज बटणाला हात लावला नाही. आयुष्यात लोकांचे बिघडलेले फ्रीज चालू केले, चालता फ्रीज बिघडवला नव्हता कधी. मुलाने बघितलं असतं तर काय म्हणाला असता? "बाबा, गिऱ्हाईक रागावलं तरी मशीनवर राग काढायचा नाही." मीच शिकवलं होतं त्याला.

तरी प्रश्न उरतोच. इतकं निमूट सोसतेय ती, ते कशासाठी? की कोणासाठी?

२७ नोव्हेंबर

रोपं जमिनीत गेली. पूर्वेच्या भिंतीलगत, दुपारनंतर सावली येते तिथे. दोन झाडांत हात-हात पसरण्याइतकी जागा सोडायची, कारण हे प्रकरण पुढे ऐसपैस बसतं. खड्डे मी खणले. नर्सरीवाला म्हणाला, "काका, मी खणतो," मी फावडं दिलं नाही. माझ्या भिंतीखाली दुसऱ्याने खणलेलं मला चालत नाही.

बुंध्याशी वाळकी पानं पसरायची, मुळं गार राहतात. हे मला पटलं. इन्सुलेशन म्हणजे इन्सुलेशन, फ्रीजला काय नि झाडाला काय.

१२ डिसेंबर

नर्सरीवाला वाफ्यात, कोपरापर्यंत मातीत. तेवढ्यात सुनेचा फोन वाजला आणि ती लगबगीने गच्चीवर. मी एकदा त्याच्या हातांकडे बघितलं, एकदा जिन्याकडे. हॉटेलवाले असतील. सुट्टीच्या दिवशीही पिच्छा सोडत नाहीत.

तो मला विचारत होता, खोलीच्या भिंतींना थर्माकोल किती जाड लावावा. मी विषय बदलला. घर बांधतोय की काय हा? कोणासाठी?

९ जानेवारी

पानांच्या मागे मावा. काळा, चिकट, गच्च. साबणाच्या पाण्यात फडकं बुडवून एकेक पान पुसलं. सकाळ गेली त्यात. ही खुर्ची घेऊन बाहेर आली, म्हणाली, "मुलाला आंघोळ घालताना इतका वेळ नव्हता दिला तुम्ही." मग ती उठून दुसरं फडकं घेऊन आली आणि शेजारच्या झाडाशी बसली.

१७ जानेवारी

आज ऐकलं. स्वतःच्या कानांनी.

स्वयंपाकघरात दोघी होत्या. मी मागच्या दाराने चपला काढत होतो. सून म्हणाली, "आत्ता नको आई. कळी आली की सांगू. तोवर रुळतील ते." ही म्हणाली, "बघ बाई. मला तर तोंड दाखवायला नको वाटतं." मी आत गेलो तशी एकीने नळ सोडला, दुसरीने कांदा घेतला. सोललेलाच कांदा पुन्हा सोलत होती.

म्हणजे हीसुद्धा. घर फिरलं की घराचे वासेही फिरतात.

जेवलो नाही. पोट बिघडलंय म्हणून सांगितलं. दोघींनी एकमेकींकडे बघितलं.

१८ जानेवारी

तर कळी आली की सांगणार. ठीक आहे.

११ फेब्रुवारी

कळी आली.

मधल्या झाडाला, अगदी पोटात, पानांच्या तळाशी. लिंबाएवढी. हिरवी, घट्ट, खवल्यावर खवला. मी पहाटे पाणी घालायला गेलो तेव्हा दिसली. मी तिथेच खाली बसलो. एवढ्या उकाड्याच्या गावात, बाटल्यांच्या फ्रीजमधली थंडी खाऊन आली ती. मी दिलेली थंडी. ओरडून सगळ्यांना उठवावंसं वाटलं.

नाही उठवलं. भोवतीची चार पानं वर ओढली आणि सुतळीने सैल बांधली. आता बाहेरून काही दिसत नाही.

१२ फेब्रुवारी

सून विचारत होती, "बाबा, मधल्याला बांधलंय का?" मी म्हटलं, वाऱ्याने पानं मोडतात. वारा नाहीये गेले आठ दिवस. तिने मान डोलावली.

१९ फेब्रुवारी

मुठीएवढी झाली. शेजारच्या दोन झाडांनाही धरल्यात. किती सुतळी आणू?

नर्सरीवाला आला होता. मी वाफ्याच्या कडेला खुर्ची टाकून बसलो, उठलोच नाही. कळीचं त्याने विचारलं तर म्हटलं, धीर धरा. तो हसला. म्हणाला, "धीर धरूनच आहे, काका." किती निर्लज्ज!

२५ फेब्रुवारी

आता आठवड्याभरात खालचे खवले सुटायला लागतील. असे सुटले की कळी संपली. मग ती उमलते, निबर होते, खायच्या कामाची राहत नाही. म्हणजे मी लपवून ठेवली तर वाया जाणार, आणि दाखवली तर माझ्या घरातलं माणूस जाणार.

दिवसभर बागेतून घरात, घरातून बागेत. ही म्हणाली, "पिंजऱ्यातल्यासारखं काय करताय?"

तिन्हीसांजेला गेलो आणि सुतळी कापली. कळी काय माझ्या बापाची आहे? ती सुनेने मागितली होती. आणि जायचं असेल तिने तर जाईल, पानं बांधून माणूस थांबत नाही.

मग तिला हाक मारली. ती आली, बघितलं, आणि मटकन खाली बसली. आनंदाने रडली की कशाने, विचारायची हिंमत झाली नाही.

३ मार्च

मोठी कळी सुनेने मलाच कापायला लावली. देठ चार बोटं ठेवून. तीन कळ्या निघाल्या. तिने वरचं टोक उडवलं, लिंबू चोळलं, वाफवल्या, बाजूला वितळलेलं लोणी. नर्सरीवाल्याला जेवायला बोलावलं होतं. अर्थात.

एकेक खवला ओढायचा, लोण्यात बुडवायचा, दातांनी तळाचा गर ओरपायचा आणि बाकीचं टाकायचं. कचऱ्याचा डोंगर, पोटात चमचाभर. असं खाणं कोणी शोधलं देव जाणे. पण आतला गाभा! केसाळ भाग खरवडून काढला की खाली मऊ वाटीसारखा उरतो तो. तो तिने माझ्या ताटात ठेवला.

मग नर्सरीवाल्याने घसा साफ केला. मी ताट बाजूला सारलं. आलं म्हटलं.

"काका, एक विचारायचं होतं. ताई म्हणाल्या, कळी येईपर्यंत थांबा."

ताई! ताई म्हणाला तो. मी कान टवकारले.

"मला नर्सरीत गार खोली बांधायचीय. कंद ठेवायला, असली रोपं तयार करायला. तीन जणांना दाखवलं, सगळ्यांनी भलतंच सांगितलं. तुम्ही याल का? बांधायलाही, आणि नंतर सांभाळायलाही. रोज."

मी म्हटलं, "एवढंच?"

"एवढंच म्हणजे, काका, काम मोठं आहे."

मला हसू फुटलं. आवरेना. लोण्याची वाटी कलंडली. पाच महिने हा बिचारा कॉम्प्रेसरसाठी हिंडत होता आणि मी जिन्यात उभा राहून गुडघे झिजवत होतो. हो म्हटलं. वर म्हटलं, थर्माकोल सोडा, त्याहून चांगलं पत्र्याचं पॅनेल मिळतं. तो वही काढून लिहायलाच लागला. सज्जन माणूस आहे. मी आधीपासूनच म्हणत होतो.

कोणी कुठे जात नाहीये. शांत झोप लागेल आज.

४ मार्च

सुनेचं लग्न ठरलंय. त्यांच्या हॉटेलातला केक करणारा, दुसऱ्या शहरात गेला तो. महिनाअखेरीला जाणार ती.

आज सकाळी माझ्यासमोर बसून तिनेच सांगितलं. "तो वर्षभर थांबलाय, बाबा. मी त्याला म्हटलं होतं, बाबा खुर्चीतून उठेपर्यंत मी हलणार नाही." नर्सरीवाल्याकडे तीच गेली होती, रोपं यायच्या आधी. त्याला गार खोली हवीय हे ऐकून. म्हणाली होती, आमच्या बाबांना आधी असं काहीतरी द्या, ज्याला थंडी लागते.

मी म्हटलं, जा पोरी. मग आत जाऊन तोंड धुतलं. बराच वेळ धुतलं.

आता नर्सरीत निघायचंय, पहिला दिवस. जाणार ती, आणि डबा भरून ठेवलाय माझा.